क्षयपर्व: परळच्या गच्चीवर रचलेल्या एका कल्पित युगाचं प्रकरण

नोव्हेंबरच्या दुसऱ्या रविवारी, परळच्या एका चाळीतल्या मंडळाच्या खोलीत, सात मुलांनी आपल्या नव्या एकांकिकेचं पहिलं वाचन केलं. ऐकायला चाळीतलीच पंधरा-सोळा माणसं होती. वाचन पाऊण तास चाललं. संपल्यावर तळमजल्यावरचे निवृत्त कंडक्टर काका म्हणाले, "लिहिलंय छान. पण यांना वेळ मागे फिरवता येते ना? मग आज मेलेला माणूस उद्या परत उठवतील. आपण कशाला जीव टांगणीला लावायचा?"

मुलं गप्प झाली. संहिता लिहिणारी मुलगी वही मिटून खिडकीपाशी जाऊन उभी राहिली. पुढचे तीन महिने आम्ही जे केलं ते या एका प्रश्नाच्या मागे लागून केलं. त्याची नोंद राहावी म्हणून हे लिहिते आहे. मी शाळेत इतिहास शिकवते. या गटातली चार मुलं माझ्याच हाताखालून गेलेली, म्हणून ती अजूनही मला बाई म्हणतात आणि अडली की घरी येतात.

विषय त्यांचाच होता. मुंबईच्या इतिहासातलं एक कल्पित युग, ज्यात राज्य चालतं ते तलवारीवर नाही, पैशावर नाही, तर वेळेत केलेल्या फेरफारावर. हा विषय त्यांना का सुचला हे मला विचारावं लागलं नाही. गटातला एक मुलगा घरपोच खाणं पोचवतो. त्याच्या मोबाइलवर उलटी धावणारी मिनिटं त्याने ठरवलेली नसतात, आणि इमारतीच्या गेटवर रखवालदाराने थांबवलेली मिनिटं त्या हिशेबात कुठे धरलेली नसतात. ही गोष्ट तो पहिल्याच बैठकीत बोलला होता. दुर्दैवाने पहिल्या खर्ड्यात नेमकी तीच कुठे नव्हती.

पहिल्या खर्ड्यात होतं ते असं. कुलाब्याच्या जमिनीखाली एक यंत्र आहे. ते चालवणारा कालसम्राट भूतकाळात जातो आणि त्याला नको असलेल्या घटना पुसतो. १६६१च्या लग्नाच्या तहात पोर्तुगालने मुंबई इंग्रजांच्या राजाला आंदण दिली, ते कलमच तो रद्द करतो. १८९६ साली मांडवीत प्लेग दिसला, तो येऊच देत नाही. मग प्लेग न आल्यामुळे दुसरं काही बिघडतं, ते दुरुस्त करायला तो पुन्हा मागे जातो. कल्पना एकामागून एक येत होत्या आणि प्रत्येक कल्पना आधीचीचं वजन काढून घेत होती. काकांनी बोट ठेवलं ते नेमकं इथे. जिथे सगळं परत घेता येतं तिथे कुणाचं काहीच जात नाही, आणि कुणाचं काही जात नसेल तर प्रेक्षक खुर्चीत मागे रेलतो.

मी मुलांना तेव्हा एकच सांगितलं: यंत्र काढून टाका. काळ फिरवायचा नाही, घड्याळ फिरवायचं. काळाला हात लावणारा माणूस आजवर कुणी पाहिलेला नाही, पण घड्याळाला आणि पंचांगाला हात लावणाऱ्यांनी इतिहास भरलेला आहे, आणि त्यात मुंबईचं पान फार मोठं आहे. लिहिणारीला हे पटलं नाही. "बाई, मग ते कल्पित कसं राहील? ते तर खरंच झालेलं असेल." तिचा आक्षेप रास्त होता, आणि शेवटपर्यंत तो आमच्या कामात राहिला. पण आधी खरं काय झालं ते पाहायचं ठरलं.

सत्ता आणि वेळ यांचं नातं दाखवायला मला दूर जावं लागलं नाही. शिवाजी महाराजांनी १६७४ साली राज्याभिषेक करवून घेतला तेव्हा स्वतःचा शकही सुरू केला. नवा शक म्हणजे आजपासून मोजणी आमची. त्याआधीपासून मराठी कागदांवर जो शुहूर सन दिसतो, हिजरीवरूनच बेतलेला पण सूर्यावर चालणारा, तो सूर्य मृग नक्षत्रात शिरला की बदलायचा, कारण हिजरी वर्ष चंद्राचं, ते ऋतूंतून मागे सरकत जातं, आणि सारा तर पीक हातात आल्यावरच वसूल करता येतो. शेतसाऱ्यासाठी वापरल्या जाणाऱ्या फसली सनाचीही गोष्ट तीच. म्हणजे वर्ष कुठून सुरू करायचं हे दप्तराच्या सोयीने ठरलेलं. मुलांच्या पहिल्या खर्ड्यातल्या आंदणाचंही तसंच आहे. मुंबईचा ताबा इंग्रजांना प्रत्यक्ष मिळाला तो फेब्रुवारी १६६५ मध्ये, आणि त्या काळी पोर्तुगिजांची तारीख इंग्रजांच्या तारखेच्या दहा दिवस पुढे होती. वर इंग्रजांचं कायदेशीर वर्ष २५ मार्चला बदलायचं. एका खोलीत बसून एकाच कागदावर सह्या करणारी माणसं तारखेवरसुद्धा एक नव्हती. इंग्रजांनी हा फरक मिटवला तो १७५२ साली, २ सप्टेंबरच्या दुसऱ्या दिवशी १४ सप्टेंबर लिहून.

पण मुलांना खरं हलवलं ते एकोणचाळीस मिनिटांनी.

हे मी आधी तोंडी सांगून पाहिलं होतं. मुंबई साधारण ७२ अंश ५० मिनिटं पूर्व रेखांशावर आहे. एका अंशाला चार मिनिटं, म्हणजे मुंबईची स्वतःची वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे. भारतीय प्रमाणवेळ ८२ अंश ३० मिनिटांवरची, म्हणून साडेपाच तास. दोहोंत फरक ३९ मिनिटांचा. मुलांनी माना डोलावल्या आणि विसरली. म्हणून २५ डिसेंबरला, नाताळच्या सुट्टीत, आम्ही चाळीच्या गच्चीवर गेलो. हा दिवस मी मुद्दाम निवडला होता. सूर्याची चाल वर्षभर घड्याळाशी काही मिनिटं मागेपुढे होते, आणि ती जुळते त्या चार दिवसांपैकी हा एक.

प्रकाशयोजना करणारा मुलगा पडद्याचा एक मीटरचा रॉड घेऊन आला. वाळत घातलेल्या गोधड्या बाजूला सारून रॉड एका कुंडीत उभा केला, दोऱ्याला नटबोल्ट बांधून ओळंबा धरला. दुपार व्हायच्या आधी, ११ वाजून २० मिनिटांनी, सावलीच्या टोकापर्यंत दोरी ताणून खडूने वर्तुळ काढलं. त्रिज्या भरली एक मीटर सहा सेंटिमीटर. मग बसून राहिलो. सावली आत आत येत गेली. आपल्या जुन्या ज्योतिषग्रंथांतल्या शंकूची ही रीत. टोक वर्तुळातून आत शिरतं ती एक खूण, बाहेर पडतं ती दुसरी, आणि दोहोंच्या बरोबर मध्ये खरी दुपार. सर्वांत आखूड झाली तेव्हा सावली ९१ सेंटिमीटरवर होती. टोकाने पुन्हा वर्तुळाला शिवलं तेव्हा एक वाजून अठ्ठावन्न मिनिटं झाली होती. लिहिणारीने वहीत बेरीज केली, दोनने भागलं, आणि पेन तसंच धरून म्हणाली, "बारा एकोणचाळीस."

त्यानंतर बराच वेळ कुणी खाली जायला निघालं नाही. रोजच्या मोबाइलवरची बारा ही डोक्यावरच्या सूर्याची बारा नाही, हे त्यांनी स्वतःच्या हाताने मोजलं होतं.

मग सांगितलेला इतिहास त्यांनी वेगळ्याच कानांनी ऐकला. रेल्वे आणि तार आली तेव्हा गावोगावच्या वेळा अडचणीच्या झाल्या आणि रेल्वेने मद्रासची वेळ धरली. ती मुंबईच्या जवळपास अर्धा तास पुढे. १८८१ साली गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईतल्या सरकारी कचेऱ्यांवर मद्रास वेळ लादली. शहराने ती मानली नाही. विद्यापीठाच्या आवारातला राजाबाई टॉवर तेव्हा नवा होता, प्रेमचंद रायचंदांच्या देणगीतून उभा राहून १८७८ साली पुरा झालेला, आणि त्याच्यावरच्या घड्याळाने कुणाची वेळ दाखवायची हा वादाचाच विषय झाला. विद्यापीठाने मुंबईची वेळ धरून ठेवली. १८८३ साली सरकारला हुकूम मागे घ्यावा लागला.

दुसरी फेरी कर्झनच्या काळातली. १९०५ साली प्रमाणवेळ आली, आणि १ जानेवारी १९०६ पासून मुंबईतल्या सरकारी कचेऱ्यांनी ती लागू केली. बंगालची फाळणी होऊन तीन महिनेही झाले नव्हते. लोकांच्या मनात एकाला लागून दुसरी गोष्ट होती: न विचारता प्रांत तोडला, न विचारता आता घड्याळ. त्याच जानेवारीत शहराच्या कडेच्या भागात काही हजार गिरणी कामगारांनी मागावर उभं राहायला नकार दिला, गिरण्यांवर दगड पडले. निषेधाच्या अर्जांवर पंधरा हजारांहून जास्त सह्या झाल्या. महापालिकेने त्याच वर्षी मुंबई वेळेकडे परत जायचं ठरवलं आणि ती वेळ १९५५ पर्यंत सोडली नाही. पन्नास वर्षांच्या आसपास या शहरात दोन वेळा नांदल्या. त्यात युद्धाच्या काळात, १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५, सरकारने प्रमाणवेळ आणखी एक तास पुढे नेली. तेव्हा सरकारी घड्याळ आणि मुंबईचा सूर्य यांच्यातलं अंतर १ तास ३९ मिनिटं झालं होतं.

पुष्कळदा हे प्रकरण मुंबईकरांच्या हट्टाची गंमत म्हणून सांगितलं जातं. मला ते मान्य नाही. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात मुंबईत सूर्य उगवतो तो आजच्या घड्याळात सात वाजून दहा मिनिटांच्या सुमाराला, जुन्या वेळेत साडेसहाच्या थोडा पुढे. घड्याळ ३९ मिनिटं पुढे केलं आणि गिरणीचा आकडा तोच ठेवला, तर माणसाला तेवढं आधी अंधारात, थंडीत उठावं लागतं. बाईला चूल त्याच्याही आधी पेटवावी लागते. दगड उचलणाऱ्यांना रेखांशाचं गणित ठाऊक असण्याची गरज नव्हती. त्यांच्या झोपेतून कुणीतरी काहीतरी काढून घेतलं होतं.

दुसरा खर्डा या सगळ्यातून जन्मला, आणि तो फार देखणा होता. आपल्याकडे साठ संवत्सरांचं चक्र आहे, प्रभवपासून क्षयपर्यंत. दिवसाच्या घटकाही साठ, एक घटका चोवीस मिनिटांची. लिहिणारीने दोन्ही जोडलं. तिच्या कल्पित मुंबईत १८६७च्या पाडव्याला, प्रभव संवत्सर सुरू होताना, सरकार एक कालकचेरी काढतं. दर पाडव्याला कामगारवस्तीची घड्याळं एक घटका पुढे सरकवली जातात. साठ वर्षांनी, १९२७च्या पाडव्याआधी क्षय संवत्सर संपताना, साठ घटका म्हणजे आख्खा एक दिवस गिळला गेलेला असतो. युगाचं नाव तिने ठेवलं क्षयपर्व. पंचांगातली क्षयतिथी त्यात आहे, जी एका सूर्योदयानंतर सुरू होऊन पुढच्या सूर्योदयाआधी संपते आणि कुठल्याच दिवसाच्या वाट्याला येत नाही. आणि गिरणगावात क्षय म्हटलं की आठवतो तो छातीचा रोगही त्यात आहे. नाव ऐकून माझ्या अंगावर काटा आला होता.

हा खर्डा मोडला तो हिशेब लिहायला शिकणाऱ्या मुलीने. ती गटात वेशभूषा बघते, फारशी बोलत नाही. तिने दोन रात्री आकडेमोड केली आणि शांतपणे सांगितलं, "घड्याळ पुढे नेलं तर महिना लवकर संपतो. पगार महिन्याचा असेल तर साठ वर्षांत कामगार एक दिवस कमी काम करून तेवढाच पगार घेईल. यात लुटला गेला तो मालक." आम्ही सगळेच तिच्याकडे बघत राहिलो. तिचं बरोबर होतं. फसवायचं असेल तर मोजणी मागे न्यायला हवी, आणि तसं केलं तरी साठ वर्षांत जाणार एकच दिवस. साठ वर्षांचं युग उभं करून त्यातून एका दिवसाची चोरी, हे वजन पेलणार नव्हतं.

दुसरी अडचण मी काढली. वर्षाला एक घटका सरकली तर पंधरा वर्षांत घड्याळ सहा तास पुढे जातं. सकाळी सहाची पाळी मध्यरात्री सुरू होईल. पण मुंबईच्या गिरण्यांत विजेचे दिवे आले ते विसाव्या शतकाच्या सुरुवातीला. त्याआधी काम मुख्यतः उजेडावर चालायचं, सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत. मालकाला मध्यरात्रीचा कामगार नकोच होता. दिवे आल्यावर मात्र दिवस चौदा-पंधरा तासांपर्यंत ताणले गेले, आणि मोठ्या पुरुषांच्या कामाच्या तासांना कायद्याने बारा तासांची मर्यादा पडली ती १९११ साली. हे सगळं मुलांच्या कल्पित साठ वर्षांच्या आतलंच आहे. कल्पित युगालाही त्याच्या काळातला दिवा आणि त्याच्या काळातला अंधार पाळावा लागतो, असं माझं ठाम मत आहे. ते मोडलं की वाचक बाकीच्यावरही विश्वास ठेवत नाही.

जानेवारी उजाडला तरी तिसरा खर्डा सुरू झाला नव्हता. मधल्या काळात मुलांनी बाहेरचीही उदाहरणं वाचली. सोव्हिएत रशियाने १९२९ साली सात दिवसांचा आठवडा मोडून पाच दिवसांचं अखंड चक्र आणलं होतं. कामगारांचे पाच गट, प्रत्येकाची सुट्टी वेगळ्या दिवशी, त्यामुळे यंत्र कधी थांबणार नाही. नवऱ्याची सुट्टी एका दिवशी, बायकोची दुसऱ्या. पुढे त्यात बदल झाले आणि सात दिवसांचा आठवडा परत आला तो १९४० साली. मला त्यावरून नारायण मेघाजी लोखंडे आठवले. गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी मिळावी म्हणून ते १८८४ पासून झगडले, आणि ती मिळाली १० जून १८९० रोजी. आपण ज्याला सहज रविवार म्हणतो तोही कुणीतरी मागून, भांडून आणलेला वेळ आहे. मुलांनी हे वाक्य फळ्यावर लिहून ठेवलं होतं, नाटकात मात्र घेतलं नाही. बरं केलं.

वाट सापडली ती दुसऱ्या मजल्यावरच्या आजींमुळे. त्या प्रकाशयोजना करणाऱ्या मुलाच्या आजी. पंच्याऐंशीच्या पुढे वय, पण आवाज खणखणीत. यजमान गिरणीत होते, सासरेही गिरणीत. मुलं त्यांच्याकडे दोन वेळांबद्दल विचारायला गेली. "मामंजी सांगायचे," त्या म्हणाल्या, "टेसनाची वेळ निराळी नि घरची वेळ निराळी. पाहुणा येणार म्हटला की आधी विचारायचं, कुठल्या टायमाने येणार?" हे सगळ्यांनी हौसेने लिहून घेतलं. मग लिहिणारीने विचारलं, "आजी, तुमच्या घरात घड्याळ कुठल्या वेळेचं होतं?"

आजींनी तिच्याकडे जरा नवलाने पाहिलं. "घड्याळ? घड्याळ कुणाकडे होतं गं बाळा? भोंगा होता. भोंगा झाला की यांचा डबा तयार पाहिजे. परतायचे तेही भोंग्यावर. भोंगा सांगेल ती वेळ. तो लबाड बोलला तर विचारणार कुणाला?"

त्या रात्री साडेअकराला लिहिणारीचा फोन आला. तिला नियम सापडला होता. वर्षाला नाही, रोज. सकाळचा भोंगा अर्धी घटका आधी, संध्याकाळचा अर्धी घटका उशिरा. बारा मिनिटं इकडे, बारा मिनिटं तिकडे. हे तिने हवेतून काढलेलं नव्हतं. इंग्लंड-स्कॉटलंडच्या एकोणिसाव्या शतकातल्या कारखान्यांत घड्याळ सकाळी पुढे आणि संध्याकाळी मागे केलं जातं अशा कामगारांच्या तक्रारी नोंदलेल्या आहेत, हे मीच तिला सांगितलं होतं आणि स्वतः विसरले होते. रोज एक घटका म्हणजे तीस दिवसांत बारा तास. हिशेब लिहिणाऱ्या मुलीने लगेच शेजारी लिहिलं: महिन्याला एक पाळी फुकट. रविवार वगळले तर सव्वीस दिवस, दहा तास चोवीस मिनिटं. आता आकडे बसत होते, आणि अंगावर येत होते.

तिसऱ्या खर्ड्यातलं क्षयपर्व असं आहे. १८६७ ते १९२७, साठ संवत्सरं. कालकचेरीच्या हुकुमाने घरात वेळ मोजण्याचं कुठलंही साधन ठेवायला बंदी. घड्याळं जमा झाली आहेत. गच्चीत काठी उभी करणं गुन्हा, म्हणून बायका वाळवणसुद्धा काठीवर घालत नाहीत, दोरीवर घालतात. लग्नाचे मुहूर्त कचेरीतून लिहून येतात. अंतरपाट धरून भटजी मनोऱ्याच्या ठोक्याची वाट बघत उभे राहतात, आणि म्हाताऱ्या माणसांना कळतं की खरी घटका मघाशीच टळली. सर्वांत कडक बंदी आहे घटिकापात्रावर. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी, पाण्यावर तरंगत ठेवायची, चोवीस मिनिटांत भरून बुडते. पूर्वी लग्नघरात हीच वाटी मुहूर्त सांगायची, आणि "घटका भरली" हा आपला शब्दप्रयोग तिच्यातूनच आलेला. कल्पित युगात हे दोन शब्द मोठ्याने उच्चारायला माणसं घाबरतात.

नाटक एका खोलीत घडतं. नवरा गिरणीत, सासू आणि सून घरात. सुनेच्या माहेरहून लग्नात आलेली वाटी सासूने पिठाच्या डब्यात लपवलेली आहे. संध्याकाळी सूर्य टेकला की सासू दार लावून परातीत पाणी घेते आणि वाटी सोडते. वाटी बुडते. सून ती काढून पुन्हा ठेवते. भोंगा अजून झालेला नाही. दोघी बोलत नाहीत. संहितेत इथे एवढंच आहे: "सासू भिंतीवर कोळशाची अर्धी रेघ ओढते." प्रवेश संपेपर्यंत भिंत दिसू लागते, आणि ती रेघांनी भरलेली असते.

वाटी खरी हवी यावर मुलं अडून बसली. तांबाकाट्याहून एक पातळ तांब्याची वाटी आणली. पहिलं छिद्र मोठं पडलं, नऊ मिनिटांत बुडाली. डाग देऊन बुजवलं, पुन्हा सुईच्या टोकाने पाडलं, तेव्हा एकतीस मिनिटं. मग रोज थोडं थोडं. आठव्या दिवशी चोवीस मिनिटं आणि काही सेकंद. त्या आठ दिवसांत नटांना वाट बघणं म्हणजे काय ते कळलं असावं. मी तालमीत शिकवून ते आलं नसतं.

एका मुद्द्यावर माझं आणि लिहिणारीचं शेवटपर्यंत जुळलं नाही. चोरलेल्या घटकांचं सरकार काय करतं? तिच्या मते त्या मनोऱ्याच्या तळघरात रांजणांत साठवलेल्या असतात, शिक्कामोर्तब करून. मी म्हणाले, पुन्हा यंत्र आणलंस. सगळं एवढं खरं उभं केल्यावर हा रांजण कशाला? ती म्हणाली, "बाई, कल्पित युगातल्या लोकांचा कशावर तरी विश्वास असेल ना. आपलं गेलेलं कुठेतरी ठेवलेलं आहे, एक दिवस परत मिळेल, एवढा तरी." मी गप्प बसले. आता मला वाटतं की तिचंच बरोबर होतं. क्षय संवत्सराच्या शेवटच्या रात्री कामगार तळघर फोडतात, रांजणांची तोंडं उघडतात, आणि रांजण कोरडे असतात. सासूचा मुलगा तळाशी हात घालून चाचपतो. त्याच्या हाताला कापसाचं तूस लागतं. घटका कधी साठवल्याच नव्हत्या. रोजच्या रोज कापडात विणल्या गेल्या आणि गाठी बांधून बंदरातून निघून गेल्या. पहिल्या खर्ड्यात सगळं मागे फिरवता येत होतं, इथे काहीच येत नाही.

खर्ड्यात अजून दोष आहेत. साठ वर्षांचा पसारा पाऊण तासात मावत नाही. मधली वर्षं संवत्सरांच्या नावांवर उडी मारत जातात, आणि पराभव हे नाव १९०६-०७ या वर्षाचं होतं हा योगायोग कळण्याइतकी सवड प्रेक्षकाला मिळत नाही. कचेरीचा अंमलदार अगदीच लाकडी झाला आहे. असा माणूस रोज घरी गेल्यावर स्वतःच्या बायकोला कुठली वेळ सांगत असेल, हे लिहिलं गेलं नाही. घरपोच खाणं पोचवणाऱ्या मुलाने ते लिहायला मागितलं आहे.

जानेवारीच्या शेवटच्या रविवारी त्याच खोलीत दुसरं वाचन झालं. कंडक्टर काका पुढे बसले होते. संपल्यावर त्यांनी काही विचारलं नाही. थोड्या वेळाने वेशभूषेवाल्या मुलीला जवळ बोलावून म्हणाले, "तो महिन्याचा हिशेब परत एकदा सांग." तिने सांगितला. काकांनी तो बोटांवर स्वतःच्या नोकरीच्या वर्षांना लावून पाहिला, पण आकडा कुणाला सांगितला नाही.

फेब्रुवारीत पहिला प्रयोग झाला. वाटी बावीस मिनिटांतच बुडाली आणि सुनेचं वाक्य पाण्यावर राहिलं. प्रकाशयोजना करणाऱ्या मुलाने दुसऱ्या दिवशी दोन्ही प्रकारे मोजून पाहिलं: दिव्यांखाली परात तापली की कोमट पाणी छिद्रातून लवकर आत शिरतं. पुढच्या प्रयोगाला पाणी आजींच्या माठातलं घ्यायचं आणि परात पडदा उघडायच्या आधी पाच मिनिटं मांडायची, असं ठरलं आहे.